आमच्या गावची तारामती



स्वागत समितीच्या वतीनं कोल्हापुरात आपलं मनःपूर्वक स्वागत करतो. यंदाचं संमेलन अभिनेत्री दुर्गाबाई खोटे यांच्या कारकिर्दीवर भरतंय म्हटल्यावर आम्हां कोल्हापूरकरांची कॉलर जरा ताठच झाली. ‘प्रभात’ फिल्म कंपनी तेव्हा अजून पुण्याला गेली नव्हती. १९३२ सालचा ‘अयोध्येचा राजा’ इथंच घडला आणि दुर्गाबाई त्यात तारामती झाल्या.

त्या काळी पार्श्वगायनाची सोय नव्हती. हरिश्चंद्र झालेले गोविंदराव टेंबे गाण्यातले दर्दी; त्यांच्यासमोर उभं राहून, अभिनय करता करता स्वतःच गायचं. शिवाय चित्रपट मराठीत नि हिंदीत, म्हणजे रडणंसुद्धा दोनदा! मुंबईच्या लाड घराण्यातली, सेंट झेवियर्समध्ये शिकलेली ही मुलगी. सासरची सांपत्तिक स्थिती ढासळली म्हणून कामाला बाहेर पडली. ‘चांगल्या घरची बाई सिनेमात?’ हा प्रश्न तेव्हा कुजबुजत नव्हे, तोंडावर विचारला जाई.

तारामती आमची, हे खरं. पण बाई कुणा एका कंपनीच्या झाल्या नाहीत. नटनटींनी महिन्याच्या पगारावर कंपनीत राहायचं, हा तेव्हाचा रिवाज. दुर्गाबाई कलकत्त्याला न्यू थिएटर्सच्या ‘राजरानी मीरा’त गेल्या, पुन्हा ‘प्रभात’मध्ये येऊन ‘अमरज्योती’त चाचेगिरी करणारी सौदामिनी झाल्या. रंगभूमीवर शिरवाडकरांचं ‘राजमुकुट’ही केलं. नव्या पिढीला त्या ‘मुघल-ए-आझम’मधली जोधाबाई म्हणून ठाऊक. मला हे थोडं अन्यायाचं वाटतं. मुलगा आणि नवरा यांच्यात कुतरओढ होणारी आई त्यांनी उत्तम केली, पण त्यांच्यातली सौदामिनी मागे पडली.

आणि पडद्यामागची बाई तर आपण पाहिलीच नाही. १९५०च्या दशकात त्यांनी स्वतःची निर्मितीसंस्था काढली, माहितीपट केले, जाहिरातपट केले. दूरदर्शनवरची ‘वागले की दुनिया’ त्यांच्याच संस्थेची. १९८३ सालच्या फाळके पुरस्काराचा उल्लेख सगळे करतात. हिशेबाच्या वह्या सांभाळणाऱ्या दुर्गाबाईंवर कुणी बोलत नाही. परिसंवादातल्या वक्त्यांना माझी विनंती, या बाजूवर जरूर बोला. फुलं उधळणारी भाषणं आम्ही इथं पुष्कळ ऐकतो.

दुपारी चार वाजता ‘अयोध्येचा राजा’ दाखवणार आहोत. आवाज मधूनमधून खरखरेल, सांभाळून घ्या. पुढच्या दोन रांगा ज्येष्ठांसाठी मोकळ्या ठेवाव्यात.