ब्रेक नसलेली मोटारसायकल

पाथरीच्या काळ्या मातीत, पहिल्या पावसानंतर ज्यांनी मोटारसायकल चालवली आहे, त्यांना मागचं चाक घसरलं की पोटात कसा गोळा येतो ते सांगायला नको. इंग्लंडमधला पीटर क्रेव्हन मात्र ते चाक मुद्दाम घसरवायचा. तोच त्याचा खेळ होता: स्पीडवे.

चार स्वार, चार फेऱ्या, अंडाकृती मैदान. ५०० सीसीची गाडी, एकच गिअर, इंधन मिथेनॉल आणि ब्रेक अजिबात नाही! वळणं सगळी डावीकडे. डाव्या बुटाखाली पोलादी पट्टी असते. तो पाय जमिनीवर घासत, पुढचं चाक उजवीकडे वळवून स्वार डावीकडे वळतो. मागचं चाक मातीचा फवारा उडवतं. सगळा खेळ तोलाचा, आणि अंगानं लहानखुऱ्या क्रेव्हनचा तोल विलक्षण होता.

१९३४ साली लिव्हरपूलमध्ये जन्मलेला हा मुलगा मँचेस्टरच्या बेल व्ह्यू संघाकडून नावारूपाला आला. १९५५ साली, अवघ्या एकविसाव्या वर्षी, वेम्बलीत तो जगज्जेता झाला. १९६२ मध्ये पुन्हा. हा किताब दोनदा जिंकणारा तो पहिला इंग्रज.

२० सप्टेंबर १९६३. एडिनबरोची शर्यत. समोरचा स्वार पडला. त्याला वाचवायला क्रेव्हननं गाडी वळवली आणि तो कठड्यावर आदळला. चार दिवसांनी, २९व्या वर्षी तो गेला. माझ्या लेखी दोन्ही किताबांपेक्षा ते वळण मोठं आहे.