शहरातील बालपण आणि खेड्यातील बालपण



न्यासाच्या सुवर्णमहोत्सवात विचार मांडण्याची संधी आपण मला दिलीत, याबद्दल मी आपला ऋणी आहे. पन्नास वर्षांच्या वाटचालीचे सिंहावलोकन करताना पुढील पन्नास वर्षांचाही विचार करणे क्रमप्राप्त ठरते. ती वर्षे आजच्या मुलांची आहेत. म्हणून आपल्या वऱ्हाडातील मुलांविषयीच चार शब्द बोलावेत, असे मी ठरविले.

आज अमरावती-अकोल्यात स्थिरावलेल्या आपल्यापैकी अनेकांची मुळे खेड्यात आहेत. खेड्याचे नाव निघताच धुऱ्यावरची बोरे, शेतातला हुरडा, पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीचा तान्हा पोळा आणि कोजागिरीपर्यंत रोज घरोघरी रंगणारी भुलाबाईची गाणी डोळ्यांपुढे उभी राहतात. झाकलेल्या डब्यातली खिरापत ओळखताना मुली अवघ्या गल्लीच्या होऊन जात. खेड्यातील मूल एका घराचे नसते, ते गावाचे असते. त्याला रागावण्याचा आणि जेवू घालण्याचा अधिकार शेजारच्या काकूलाही असतो. हे धन शहराला विकत घेता आलेले नाही.

परंतु आठवणींच्या गोडव्यात वास्तव झाकले जाऊ नये. पूर्णा नदीच्या खोऱ्यातील खारपाणपट्टा अमरावती, अकोला आणि बुलडाणा या तीन जिल्ह्यांत पसरलेला आहे. तेथील विहिरीला पाणी लागते, पण ते खारट. गोड पाण्याची घागर दुरून आणण्याचे काम बहुधा घरातल्या मुलीच्या वाट्याला येते. दिवाळीच्या सुमारास कापूस फुटला की वेचणीसाठी माणसे कमी पडतात आणि वर्गातील बाके रिकामी दिसू लागतात. सातवीनंतरची शाळा परगावी असेल, तर बसची वेळ हीच शिक्षणाची सीमा ठरते. २००६ साली केंद्र शासनाने शेतकरी आत्महत्यांमुळे ज्या सहा जिल्ह्यांसाठी विशेष मदत जाहीर केली, त्यांत अमरावती आणि अकोला हे दोन्ही जिल्हे होते. त्या घरांतील मुलांवर अकाली प्रौढत्व आले. मेळघाटातील धारणी-चिखलदऱ्याच्या कोरकू बालकाची तर आणखी निराळी कथा. घरी कोरकू बोलणारे ते मूल शाळेत मराठी पुस्तकासमोर बसते, आणि आश्रमशाळेत गेले तर कोवळ्या वयात आईवडिलांपासून दूर राहते.

आता शहराकडे पाहू. येथे शाळा जवळ आहे, दवाखाना आहे, ग्रंथालय आहे. मात्र मुलाचा दिवस घड्याळाच्या काट्याला बांधलेला आहे. सकाळी शाळा, दुपारी शिकवणी, सायंकाळी दुसरी शिकवणी. ज्या अमरावतीत १९१४ साली वैद्य बंधूंनी हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचा पाया घातला आणि ज्या मंडळाच्या पथकाने १९३६ साली बर्लिन येथे आपल्या देशी खेळांची प्रात्यक्षिके जगाला दाखविली, त्याच नगरीत आज कित्येक मुलांना आट्यापाट्या कशा खेळतात हे सांगावे लागते. वस्तीतील मोकळ्या जागा इमारतींनी आणि वाहनांनी व्यापल्या. मार्च २०२० मध्ये महामारीमुळे शाळा बंद झाल्या, तेव्हा दोन्हीकडची उणीव एकदमच उघडी पडली. शहरातील मूल चार भिंतींत मोबाइलसह कोंडले गेले. खेड्यातील मुलाला अंगण होते, पण घरातला एकुलता एक मोबाइल वडिलांबरोबर शेतात गेलेला असे.

या दोहोंच्या मधे एक तिसरे बालपण आज आपल्या डोळ्यांदेखत वाढत आहे, आणि माझ्या मते खरा प्रश्न तेथेच आहे. मुलांच्या शिक्षणासाठी आई अकोल्यात किंवा अमरावतीत एका खोलीचे बिऱ्हाड थाटते. वडील शेतीसाठी गावी राहतात. आजी-आजोबा दार धरून बसतात. पीक बुडाले तर खोलीचे भाडे थकते. मुलाला ठाऊक असते की हा सारा त्याग आपल्या गुणांसाठी आहे. चौदा-पंधरा वर्षांच्या खांद्यांवर एवढे ओझे ठेवण्याचा अधिकार आपल्याला आहे काय?

या प्रश्नाचे उत्तर शोधताना याच मातीतील दोन थोर पुरुषांची आठवण होते. १८९८ साली पापळ या खेड्यात जन्मलेल्या पंजाबराव देशमुखांना शिक्षणासाठी गाव सोडून अमरावतीपर्यंत यावे लागले. पुढे ते विलायतेत शिकून परतले. त्यांनी खेड्यातील मुलांसाठी अमरावतीत श्रद्धानंद छात्रालय चालविले आणि १९३२ साली श्री शिवाजी शिक्षण संस्था स्थापन केली. ज्यांचे बालपण मामाच्या गावी गुरे राखण्यात गेले, त्या गाडगेबाबांनी स्वतः शाळेचे तोंड पाहिले नव्हते. तरी त्यांनी आयुष्यभर कीर्तनांतून मुलांना शिकवा म्हणून लोकांना विनविले. शहराचे ज्ञान खेड्यातील मुलापर्यंत पोहोचावे आणि त्यासाठी घर मोडू नये, हा या दोघांच्या कार्यातून आपण घ्यावयाचा बोध होय.

म्हणून या मंगल प्रसंगी न्यासापुढे तीन नम्र सूचना ठेवतो. अल्प शुल्कात, जातिधर्माचा भेद न करता, खेड्यातील मुलामुलींसाठी वसतिगृहे उभारावीत, म्हणजे एका कुटुंबाची दोन बिऱ्हाडे होणार नाहीत. न्यासाची मोकळी जागा सायंकाळी वस्तीतील मुलांना खेळावयास खुली ठेवावी. आणि दिवाळीच्या किंवा उन्हाळ्याच्या सुटीत शहरातील मुलांनी आठ दिवस खेड्यात व खेड्यातील मुलांनी आठ दिवस शहरात राहावे, अशी व्यवस्था करावी. लाकडी बैल सजविणाऱ्या शहरी मुलाने एकदा तरी खऱ्या बैलाच्या पाठीवर हात ठेवावा, आणि खेड्यातील मुलीने ग्रंथालयातले पुस्तक स्वतः निवडून घ्यावे.

वास्तू बांधणारे दाते समाजाला नेहमीच लाभले आहेत. मुलांना त्यांचे बालपण परत देणारे दाते लाभोत, एवढीच प्रार्थना करून मी माझे भाषण संपवितो.