आई, घर आणि पुस्तके

(संस्थेच्या वार्षिक संमेलनात, धानोरा येथे पालक व विद्यार्थ्यांसमोर झालेले भाषण)



शिक्षणसंस्थेच्या संमेलनात वक्त्याने परीक्षा, स्पर्धा आणि नोकऱ्या यांविषयी बोलावे, अशी साधारणपणे अपेक्षा असते. ते विषय महत्त्वाचे आहेतच. परंतु आज मी आई, बालपण आणि घरसंसार यांवर लिहिल्या गेलेल्या पुस्तकांविषयी बोलणार आहे. आईच्या पायांशी जन्नत आहे असे आपण मुलांना अगदी लहानपणापासून शिकवतो. पण दहावीतल्या एखाद्या मुलाला विचारावे की तुझ्या आईचे बालपण कुठे गेले, ती कितवीपर्यंत शिकली, तिची शाळा का सुटली, तर तो बहुधा गप्प होतो. आदर भरपूर आहे, पण माहिती काहीच नाही. ही उणीव पुस्तकांनी थोडीफार भरून निघते, असा माझा अनुभव आहे.

मराठीत आईवरचे पुस्तक म्हटले की 'श्यामची आई' हे नाव प्रथम येते. साने गुरुजींनी हे पुस्तक 1933 मध्ये नाशिकच्या तुरुंगात अवघ्या काही दिवसांत लिहिले आणि 1935 मध्ये ते प्रसिद्ध झाले. बेचाळीस रात्रींच्या गोष्टी अशी त्याची मांडणी आहे. आचार्य अत्र्यांनी त्यावर काढलेल्या चित्रपटाला राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले. कोकणातले ते घर, तिथले सणवार आणि सोवळे-ओवळे आपल्या मुलांना थोडे परके वाटते. सावकाराचा तगादा, गहाण पडलेली जमीन आणि मुलाच्या शिक्षणासाठी आईचा चाललेला जीव मात्र कोणालाही परका वाटत नाही. साने गुरुजींनीच पैगंबरसाहेबांचे चरित्र सांगणारे 'इस्लामी संस्कृती' हे पुस्तकही लिहिले. पितृछत्र जन्माआधीच हरपलेल्या आणि सहाव्या वर्षी मातेलाही मुकलेल्या बालकाची कथा त्या लेखकाला जवळची वाटली असेल, यात नवल नाही.

असे असले तरी एक गोष्ट लक्षात घेतली पाहिजे. 'श्यामची आई' हे मुलाने लिहिलेले पुस्तक आहे. आई मुलाला जशी दिसली तशी ती त्यात आहे. तगाद्याचा माणूस दारात अपमान करून गेल्यावर रात्री अंथरुणावर पडून तिच्या मनात काय आले, हे श्यामला कळणे शक्य नव्हते आणि म्हणून आपल्यालाही कळत नाही. मुलगा आईवर लिहितो तेव्हा ती देवता होते. बाप मुलीसाठी लिहितो तेव्हा काय होते, तेही पाहू.

उर्दू वाचणाऱ्या घरांत आपल्या आजी-पणजीच्या काळापासून दोन पुस्तकांची नावे ठाऊक आहेत. पहिले डेप्युटी नझीर अहमद यांचे 'मिरातुल उरूस'. हे 1869 मध्ये छापले गेले. मुलींच्या हाती द्यावे असे पुस्तक मिळेना, म्हणून त्यांनी ते आपल्या मुलींसाठीच लिहिले होते. पुढे ते शिक्षण खात्याच्या अधिकाऱ्याच्या दृष्टीस पडले आणि सरकारने लेखकाला एक हजार रुपयांचे बक्षीस दिले. त्यात अकबरी आणि असगरी अशा दोन बहिणी आहेत. अकबरी फूहड आणि भांडखोर, तर असगरी हिशेबी, समजूतदार. असगरी पुढे घरातच मुलींचा मकतब चालवते. खरे सांगायचे तर असगरी इतकी शहाणी आहे की ती खरी वाटत नाही, आणि अकबरीची बाजू ऐकून घ्यायला लेखकाला वेळच नाही! तरीदेखील मुलींनी लिहा-वाचायला शिकले तर घर बुडत नाही, उलट सावरते, हे त्या काळी गोष्टीच्या रूपाने सांगणे सोपे नव्हते.

दुसरे पुस्तक मौलाना अशरफ अली थानवी यांचे 'बहिश्ती जेवर'. विसाव्या शतकाच्या आरंभीचे हे पुस्तक लग्नात मुलीला देण्याची रीत पुष्कळ घरांत होती. त्यातील सर्वच मते आज सर्वांना पटतील असे नाही. पण ते उघडून पाहिले तर त्याची सुरुवात मुळाक्षरांपासून होते, हे किती जणांच्या ध्यानात आले असेल? पुढे पत्र कसे लिहावे, हिशेब कसा ठेवावा, घरगुती औषधे आणि स्वयंपाक हेही त्यात येते. जे पुस्तक आपण मुलीच्या रुखवतात ठेवतो ते तिला अक्षर आलेच पाहिजे असे गृहीत धरते, आणि आपण मात्र सातवी-आठवीनंतर तिचे दप्तर खुंटीला टांगतो. याचा विचार वडीलमंडळींनी अवश्य करावा.

आता आईने स्वतः लिहिलेली पुस्तके. लक्ष्मीबाई टिळकांची 'स्मृतिचित्रे' 1934 पासून भागाभागाने प्रसिद्ध झाली. लक्ष्मीबाईंचा जन्म 1868 चा, लग्न अकराव्या वर्षी, शाळा नाही, आणि लिहिणे-वाचणे लग्नानंतर पतीकडून शिकलेले. त्यांचे पती रेव्हरंड ना. वा. टिळक हे कवी. ते काही काळ नोकरीनिमित्त राजनांदगावला होते, म्हणजे इथून मुरुमगाव, मानपूर करीत पुढे गेले की लागते त्याच राजनांदगावला. 1895 मध्ये त्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला आणि पती-पत्नींची काही वर्षे ताटातूट झाली. एवढे सगळे सोसलेली बाई लिहायला बसली तर रडगाणे लिहील असे कोणालाही वाटेल. लक्ष्मीबाई हसवतात. वडिलांचे सोवळ्याचे वेड, बाजारातून आलेली प्रत्येक वस्तू धुतल्याशिवाय घरात न येणे, पतीचा लहरीपणा आणि घरातली चणचण, सगळे त्या मोकळेपणाने सांगतात आणि स्वतःलाही सोडत नाहीत. नवऱ्यावर माया आहे, पण त्याला त्यांनी पीर केलेले नाही. संसार आतून कसा दिसतो ते या पुस्तकात कळते, म्हणून मला ते आईवरच्या कोणत्याही स्तुतिपर पुस्तकापेक्षा मोठे वाटते. माझ्या मते प्रत्येक घरात 'श्यामची आई'च्या शेजारी 'स्मृतिचित्रे' असावे.

सर्वांना असा शिकवणारा नवरा मिळत नाही. बंगालमध्ये राससुंदरी देवी चुलीपाशी बसून, चोरून अक्षरे शिकल्या. मुलाने अक्षरे गिरवलेले ताडपत्र आणि घरातल्या पोथीचे एक सुटे पान ताडून पाहत त्यांनी वाचन साधले. बारा मुलांच्या या आईने लिहिलेले 'आमार जीबन' 1876 मध्ये प्रसिद्ध झाले. आपल्या महाराष्ट्रात फलटणच्या बेबीताई कांबळे लहानसे दुकान चालवीत. माल बांधायला आणलेल्या रद्दीतले छापील कागद त्या वाचीत आणि स्वतः लिहिलेले मात्र वर्षानुवर्षे घरातल्यांपासून लपवून ठेवीत. तेच पुढे 1986 मध्ये 'जिणं आमुचं' या नावाने पुस्तकरूपात आले. गरोदरपण, बाळंतपण, बाळंतिणीची उपासमार आणि कोवळ्या सुनांचा छळ यांची त्यातली वर्णने वाचताना अंगावर काटा येतो. आपली वस्ती, आपली गरिबी आणि आपल्याच घरातले दोष इतक्या निर्भयपणे मांडणारे पुस्तक मी क्वचितच वाचले आहे.

मग आपल्या समाजातील आई मराठीत कुठे आहे? 1995 मध्ये मेहरुन्निसा दलवाई यांचे 'मी भरून पावले आहे' हे आत्मकथन आले. हमीद दलवाई यांच्या मतांशी इथे बसलेल्या अनेकांचे मतभेद असतील. ते बाजूला ठेवूनही हे पुस्तक वाचता येते, कारण ते मुख्यतः संसाराचे पुस्तक आहे. नोकरी करून घर चालवणारी बाई, दोन मुली आणि पतीचे दीर्घ आजारपण त्यात आहे. अशी आणखी पुस्तके शोधू गेले तर यादी लवकर संपते. आपल्या घरात बोली एक, शाळेची भाषा दुसरी. मुलगा शाळेत मराठीत निबंध लिहितो 'माझी आई', आणि त्यात पहाटे उठून तुळशीला पाणी घालणारी आई रंगवतो! त्यात त्याचा दोष नाही. त्याला लिहिलेली आई तेवढीच माहीत आहे. सहेरीला सर्वांच्या आधी उठणारी, दुपारी शिलाई मशीनवर बसणारी त्याची स्वतःची आई निबंधात येण्याजोगी आहे, असे त्याला कोणी सांगितलेलेच नाही.

इथे आपल्याच तालुक्यातले एक उदाहरण सांगतो. चातगावजवळचे शोधग्राम तुम्हा सर्वांना ठाऊक आहे. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग 1986 मध्ये गडचिरोलीत आले. राणीताईंनी दोन गावांतील 650 स्त्रियांची तपासणी केली, तेव्हा शंभरातील 92 जणींना स्त्रियांचा काही ना काही आजार असल्याचे आढळले. त्याआधी कधी तरी अशी तपासणी झालेल्या शंभरात आठच होत्या. हा अभ्यास 1989 मध्ये 'लॅन्सेट' या जगप्रसिद्ध वैद्यकीय नियतकालिकात छापून आला. या सभेत त्याचा अधिक तपशील सांगत नाही, भगिनींनी समजून घ्यावे. मुद्दा असा, की घरोघरच्या बायका वर्षानुवर्षे दुखणे अंगावर काढीत होत्या आणि कोणी विचारले नाही म्हणून कोणाला कळले नव्हते. राणीताईंनी विचारले. त्या ऐकण्यातून त्यांचे 'कानोसा' हे पुस्तक झाले. दुसरे 'गोईण', म्हणजे मैत्रीण. आपल्या जिल्ह्यातील बायांचे जंगलातल्या झाडांविषयीचे ज्ञान आणि जिव्हाळा त्यात आहे. ज्यांनी कधी पाटी हाती धरली नाही अशा बायांच्या तोंडचे शब्द पुस्तकात गेले, आणि ते पुण्या-मुंबईचे वाचक आवडीने वाचतात.

याच कामातून दाईंसाठी एक साधे साधन तयार झाले होते. एक मिनिटाचे वाळूचे घड्याळ आणि तारेत ओवलेले मणी. बाळाचे दहा श्वास झाले की एक मणी सरकवायचा. वाळू संपण्याआधी लाल मण्यापर्यंत पोहोचले तर बाळाला न्यूमोनिया असण्याचा संभव. अंक न वाचता येणाऱ्या बाईला रोग ओळखता आला. पुढे गावातल्याच स्त्रियांना 'आरोग्यदूत' म्हणून शिकवून नवजात बाळांची घरी काळजी घेतली गेली. अशा 39 गावांत पहिल्या महिन्यात दगावणाऱ्या बाळांचे प्रमाण हजारी 62 होते, ते 1998 पर्यंत साडेपंचवीसवर आले. 2011 पासून ही पद्धत देशभर आशाताईंच्या मार्फत सुरू झाली. बाळंतपण झालेल्या घरी आशाताई तिसऱ्या दिवसापासून बेचाळिसाव्या दिवसापर्यंत येत राहतात, त्याचे मूळ आपल्या या जंगलातल्या गावांत आहे.

आशाताईंवरून आठवले. मातृत्वावरचे एक पुस्तक तुमच्यापैकी बहुतेकांच्या घरी, पेटीत, रेशनकार्डाशेजारी पडलेले आहे. माता व बाल संरक्षण कार्ड! त्यात आईच्या तपासण्या, बाळाच्या लसी, वजनाची चढती-उतरती रेघ, सगळे आहे. मुलांनो, आज घरी गेल्यावर आईला विचारून तुमचे जुने कार्ड असेल तर काढा आणि वाचा. तुम्ही किती वजनाचे जन्मला होता आणि कोणत्या महिन्यात रेघ खाली गेली होती, ते पाहा. रेघ खाली गेली तेव्हा घरात काय घडले होते हे कार्डावर लिहिलेले नसते, ते आई सांगेल.

आणि ती सांगेल ते लिहून घ्या. आठवी ते बारावीच्या विद्यार्थ्यांकडून मला यंदा एवढेच काम हवे आहे. एक दोनशे पानी वही घ्यावी. भाषा कोणतीही चालेल, उर्दू, मराठी, घरात बोलतो ती मिसळ भाषासुद्धा चालेल. शुद्धलेखन तपासले जाणार नाही. आईचा जन्म कुठला, दाई कोण होती, शाळा कितवीत सुटली आणि का, लग्न होऊन या भागात आली तेव्हा पहिला पावसाळा कसा गेला, किती मुले झाली आणि किती राहिली, हे विचारावे. काही प्रश्नांना आई उत्तर देणार नाही. तिथे जागा कोरी सोडावी, आग्रह करू नये. तिची परवानगी असल्याशिवाय वही कोणाला दाखवू नये, शिक्षकांनाही नाही.

वडीलमंडळींना एक विनंती. ही वही लिहिताना मुलगी आईजवळ तास-दोन तास बसेल, तेव्हा तिला कामाला उठवू नका. आणि ज्यांच्या मुली यंदा दहावीला आहेत त्यांनी अकरावीच्या प्रवेशाचा निर्णय घेण्याआधी मुख्याध्यापकांना एकदा भेटावे. गडचिरोलीला जाण्या-येण्याची आणि वसतिगृहाची अडचण खरी आहे, ती मी नाकारत नाही. परंतु त्यावर चार घरांनी मिळून मार्ग काढता येतो, एकट्या घराला तो सापडत नाही.

शाळेच्या कपाटात 'श्यामची आई'च्या तीन प्रती आहेत, 'स्मृतिचित्रे' एकही नाही. ती घेण्याची विनंती मी कार्यकारिणीला केली आहे आणि अध्यक्षांनी ती मान्य केली आहे. पुस्तक आल्यावर दर रविवारी जोहरच्या नमाजनंतर शाळेच्या मोठ्या खोलीत तासभर त्याचे मोठ्याने वाचन होईल. वाचणार विद्यार्थिनी, ऐकणाऱ्या माता. वाचता न येणाऱ्या भगिनींनी संकोच न करता यावे, लहान मुले बरोबर आणली तरी चालतील. कठीण शब्द कोणी विचारला तर वाचणारीने तिथेच थांबून सांगावा, आणि तिला येत नसेल तर वहीत टिपून ठेवून पुढच्या रविवारी सांगावा. सतरंज्यांची व्यवस्था शाळा करील.