विनोदिनी मागते



हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीतली यमू वाचून आपल्या आज्या-पणज्यांनी डोळे पुसले. सोसणाऱ्या बाईची दया येतेच. ‘चोखेर बाली’तली विनोदिनी सोसून थांबत नाही, ती मागते. म्हणून तिची दया येत नाही, धाक वाटतो.

रवींद्रनाथांची ही कादंबरी पुस्तकरूपाने आली १९०३ साली. बरोबर शंभर वर्षांनी ऋतुपर्ण घोष यांनी तिच्यावर बंगाली चित्रपट केला. ऐश्वर्या राय विनोदिनी, रायमा सेन तिची मैत्रीण आशालता, प्रसेनजीत चटर्जी आशाचा नवरा महेंद्र. विनोदिनी विधवा आहे. विधवाविवाहाचा कायदा १८५६ चा, विद्यासागरांच्या खटपटीचा. म्हणजे विनोदिनी जन्मली तेव्हाच तिला पुनर्विवाहाची मुभा होती. पण कायदा लग्नापुरता. खाणंपिणं, लेणं-नेसणं आणि कोणी आपल्याकडे पाहावं ही ओढ, यांचं काय?

ऋतुपर्णांनी कॅमेरा नेमका तिथे नेला. आशाचे दागिने विनोदिनीच्या अंगावर चढतात तो प्रसंग आठवा. पांढरं लुगडं, उघडा खांदा आणि त्यावर सोनं. आशाला ती मैत्रिणीची मौज वाटते. विनोदिनी मात्र आरशात स्वतःला पाहते आहे, आपल्याला काय मिळू शकलं असतं ते पाहते आहे. एरवी ती दुर्बिणीतून महेंद्र-आशाचा संसार न्याहाळते. घरातल्या थोरल्या विधवांना चहा पाजते. एका कपाचीही बंदी असलेल्या बायका तो घोट कसा घेतात, ते पाहाच. वासना म्हटलं की आपल्याला शेजघर आठवतं. दिग्दर्शक ती स्वयंपाकघरापासून दाखवतो.

आता विश्वासघात. विनोदिनीने मैत्रिणीचा संसार मोडला, एवढं म्हणून आपण मोकळे होतो. पण कादंबरी कुठे सुरू होते? विनोदिनीचं स्थळ महेंद्राला सांगून आलं होतं, त्याने नाकारलं. तिला भलत्याच्या गळ्यात बांधलं आणि थोड्याच दिवसांत ती विधवा झाली. पुढे आपला मित्र बिहारी याच्यासाठी मुलगी पाहायला गेलेल्या महेंद्राने ती मुलगी, म्हणजे आशा, स्वतःच केली. मित्राशी दगा तिथेच झाला होता आणि त्याला कोणी दगा म्हटलं नाही. आशाशीही आधी फितूर झाला तो तिचा नवराच.

शेवटाबद्दल माझा मतभेद आहे. कादंबरीत विनोदिनी बिहारीशी लग्नाला नकार देऊन काशीला जाते. हा शेवट पुढे खुद्द रवींद्रनाथांना खटकला. चित्रपटात ती आशाला पत्र लिहून निघून जाते आणि त्या पत्रात ‘देश’ येतो. चित्रपटातला काळ वंगभंगाचा, म्हणजे बंगालच्या फाळणीचा आहे, हे मान्य. तरी इतका वेळ जी बाई स्वतःसाठी मागत होती, तिच्या मागण्याला अखेरीस देशाचं पांघरूण कशाला? तिचं निघून जाणं पुरेसं होतं. माझ्या मते चित्रपट तिथे कमी पडतो. त्याआधीचा मात्र अव्वल आहे.

चित्रपट हिंदीतही आहे. विनंती एवढीच, की तो मूळ बंगालीतून पाहा आणि त्याआधी कादंबरी वाचा.