स्मृती हरपण्यापूर्वी



माहितीपट खऱ्या अर्थाने आकारास येतो तो संकलकाच्या मेजावर. काय ठेवावे, काय वगळावे, याचा विवेक तेथे पणास लागतो. पुण्याच्या चित्रपट संस्थेत संकलन शिकलेल्या रीना मोहन यांनी हाच विवेक दिग्दर्शनातही जपला. दादासाहेब फाळके यांच्या १९१३ च्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये मातोश्री दुर्गाबाई कामत यांच्यासह पडद्यावर आलेल्या कमलाबाई गोखले यांच्यावर त्यांनी १९९१ च्या सुमारास ‘कमलाबाई’ हा माहितीपट केला. तेव्हा कमलाबाई नव्वदीच्या घरात होत्या. आणखी विलंब झाला असता, तर ती वाणी कायमची हरपली असती.

किनवट परिसरातील गोंड, कोलाम वृद्धांच्या स्मृतींचेही तसेच आहे. शिक्षक व पंचायत सदस्यांनी, त्यांच्या संमतीने, त्या आजच ध्वनिचित्रित कराव्यात. संकलन उद्याही करता येईल; सांगणारा मात्र उद्या असेलच असे नाही.