बल्बासॉर कुठे मिळेल?

मला सारखं विचारतात, पोकेमॉनच्या कोणत्या गेममध्ये बल्बासॉर कुठे मिळतो?

'रेड' आणि 'ब्लू'मध्ये सोपं आहे. पॅलेट टाउनला प्रोफेसर ओक तीन पोकेमॉन पुढे ठेवतात, त्यातलाच तो एक. 'यलो'मध्ये सुरुवातीला पिकाचूच गळ्यात पडतो. पुढे सेरुलियन शहरात, पोकेमॉन सेंटरशेजारच्या घरातली मुलगी बल्बासॉर देते, पण तुमचा पिकाचू तुमच्यावर खूश असेल तरच! ही अट मला फार आवडते.

'गोल्ड' आणि 'सिल्व्हर'मध्ये तो मिळतच नाही. दोन गेमबॉय केबलने जोडून जुन्या कार्ट्रिजमधून आणावा लागतो. इथेच मी फसलो. जुन्या कार्ट्रिजमधला सेव्ह आतल्या छोट्या बॅटरीवर टिकतो. केबल मिळेपर्यंत माझी बॅटरी संपली, बल्बासॉर गेला. तुमच्याकडे असं कार्ट्रिज असेल, तर थांबू नका, आजच ट्रेड करा.

'एक्स' आणि 'वाय'मध्ये ल्युमिओस शहरात प्रोफेसर सिकामोर त्या तिघांतला एक निवडू देतात. २०१८ च्या 'लेट्स गो'मध्ये पुन्हा सेरुलियनच; अट मात्र ३० पोकेमॉन पकडण्याची. शिवाय व्हिरिडियन फॉरेस्टमध्ये तो क्वचित मोकळा फिरताना दिसतो. मला तिथेच दिसला, इतक्या वर्षांनी.