लेसरने केस काढण्यापूर्वी त्वचेची पूर्वतयारी

(रुग्णालयाच्या त्वचारोग विभागातर्फे रुग्ण व त्यांचे नातेवाईक यांच्यासाठी दिलेल्या व्याख्यानाचा संपादित मजकूर)



धर्मादाय रुग्णालयाच्या व्यासपीठावर लेसरने केस काढण्याचा विषय का, असा प्रश्न आपणांपैकी काहींच्या मनात आला असेल. हा तर हौसेचा मामला, दानाच्या पैशाशी त्याचा काय संबंध? प्रश्न रास्त आहे, म्हणून त्याचे उत्तर आधी देतो.

आमच्या बाह्यरुग्ण विभागात या उपचारासाठी येणाऱ्या मुलींपैकी अनेकींच्या हनुवटीवर, ओठांवर व गळ्यावर पुरुषांसारखे राठ केस आलेले असतात. त्यांतील बहुतेकींच्या मुळाशी पीसीओएस, म्हणजे बीजकोशांशी निगडित संप्रेरकांचा बिघाड असतो. घरातील कोणी उठण्यापूर्वी या मुली न्हाणीघरात दार लावून केस काढतात, ओढणी हनुवटीपर्यंत घेऊन महाविद्यालयात जातात आणि ‘बघण्याच्या कार्यक्रमा’ची तारीख ठरली की रडू लागतात. यात हौस कोठेच नाही. माकडहाडाजवळ केसांमुळे होणारा नाडीव्रण हा आणखी एक आजार. दुसऱ्या महायुद्धात जीपमधून सतत प्रवास करणाऱ्या सैनिकांत तो इतका आढळला की त्याला ‘जीपचा रोग’ असे नाव पडले. शस्त्रक्रियेनंतर तो पुन्हा उद्भवू नये म्हणून त्या भागातील केस लेसरने कमी करणे उपयोगी ठरते. पारलिंगी व्यक्तींच्या हक्कांसंबंधी २०१९ मध्ये झालेल्या कायद्यातही विमासंरक्षणाच्या संदर्भात लेसर उपचाराचा स्पष्ट उल्लेख करण्यात आला. तेव्हा हा उपचार वैद्यकाच्याच कक्षेत येतो. मात्र त्याचे यश जितके यंत्रावर अवलंबून आहे, तितकेच रुग्णाने घरी केलेल्या तयारीवर अवलंबून आहे. आजचे बोलणे मुख्यतः त्या तयारीविषयी आहे.

तयारीचे नियम पाठ करण्यापेक्षा त्यामागचे कारण समजून घेतलेले बरे. १९८३ मध्ये अँडरसन व पॅरिश या दोन अमेरिकन संशोधकांनी एक तत्त्व मांडले. योग्य तरंगलांबीचा प्रकाश योग्य तेवढ्याच अल्प काळासाठी टाकला, तर शरीरातील विशिष्ट रंगद्रव्य तापते आणि शेजारच्या पेशी सुरक्षित राहतात. केसांच्या बाबतीत हे रंगद्रव्य म्हणजे मेलॅनिन. काळा केस प्रकाश शोषून घेतो, तापतो आणि ती उष्णता मुळापर्यंत पोहोचून केस पुन्हा उगवण्याची शक्ती क्षीण करते. अडचण अशी की हेच मेलॅनिन आपल्या त्वचेतही असते. त्वचेचे तिच्या रंगावरून व उन्हाला मिळणाऱ्या प्रतिसादावरून सहा प्रकार मानले जातात. आपल्याकडील बहुसंख्य लोक त्यांतील चौथ्या व पाचव्या प्रकारात मोडतात. म्हणजे येथे केसही काळा आणि त्वचाही सावळी. प्रकाशाने केस ओळखावा आणि त्वचेला सोडून द्यावे, ही कसरत आपल्याकडे अधिक अवघड होते. म्हणूनच सावळ्या त्वचेसाठी १०६४ नॅनोमीटरचा, खोलवर जाणारा व वरच्या थरातील मेलॅनिनने कमी शोषला जाणारा एनडी-याग लेसर अधिक सुरक्षित मानला जातो. सुमारे ८१० नॅनोमीटरचा डायोड लेसरही योग्य शीतकरणासह वापरता येतो.

आता तयारीची पहिली पायरी, आणि ती त्वचेची नसून तपासणीची आहे. मासिक पाळी अनियमित असेल, वजन वाढत असेल, मुरुमे असतील, तर आधी संप्रेरकांच्या तपासण्या करून घ्याव्यात. मूळ कारणावर औषधोपचार न करता नुसते लेसर केले, तर एकीकडे केस कमी होतात आणि दुसरीकडे नवे उगवत राहतात. केस काही महिन्यांतच झपाट्याने वाढले असतील आणि आवाजही घोगरा झाला असेल, तर लेसरचा विचार बाजूस ठेवून तातडीने डॉक्टरांना भेटावे, कारण क्वचित प्रसंगी त्यामागे गाठ असू शकते.

दुसरी पायरी उन्हाची. उन्हाने रापलेल्या त्वचेत मेलॅनिन वाढलेले असते. अशा त्वचेवर लेसर टाकल्यास भाजणे, फोड येणे, पुढे काळे किंवा पांढरे डाग राहणे हा धोका वाढतो. म्हणून उपचारापूर्वी किमान चार आठवडे ऊन टाळावे, असे आम्ही सांगतो. शेतावर राबणाऱ्या भगिनीला ‘उन्हात जाऊ नका’ असे सांगणे सोपे आहे, पाळणे सोपे नाही, याची आम्हांस जाणीव आहे. तिने निदान दुपारची वेळ टाळावी, पदर किंवा सुती ओढणी चेहऱ्यावर व गळ्यावर घट्ट घ्यावी आणि तीस किंवा अधिक एसपीएफचे सनस्क्रीन सकाळी लावून दर दोन-तीन तासांनी पुन्हा लावावे. तरीही त्वचा रापलेली दिसली, तर आम्ही त्या दिवशी उपचार पुढे ढकलतो. लांबून एसटीने आलेल्या रुग्णाला परत पाठवताना वाईट वाटते, परंतु भाजल्याचा डाग घेऊन पाठवण्यापेक्षा ते बरे.

तिसरी पायरी केसांची, आणि येथेच सर्वाधिक गैरसमज आढळतात. लेसरला त्वचेखाली केसाचे मूळ हवे असते. थ्रेडिंग, वॅक्सिंग, चिमटा किंवा एपिलेटर यांनी केस मुळासकट उपटला जातो. मूळच नसेल, तर प्रकाशाने शोधायचे तरी काय? म्हणून उपचारापूर्वी चार आठवडे, आणि सर्व सत्रे पूर्ण होईपर्यंत, केस उपटणे पूर्णपणे बंद ठेवावे. ब्लीचही करू नये. त्याने केसाचा रंग फिका होतो आणि त्वचेचा दाह होतो.

मग वाढलेल्या केसांचे करायचे काय? उत्तर आहे रेझर. येथे घरातील वडीलधारी मंडळी, विशेषतः आई आणि आजी, हमखास अडखळतात. ‘मुलीच्या चेहऱ्याला वस्तरा लावायचा? दाढी येईल!’ ही भीती पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे, तरीही ती खरी नाही. केसाचे टोक मूळचे निमुळते असते, वस्तऱ्याने ते बोथट होते, म्हणून उगवताना खरखरीत लागते, इतकेच. केसांची संख्या, जाडी किंवा वाढीचा वेग मुळाशी ठरतो, आणि पाते मुळापर्यंत पोहोचतच नाही. उपचाराच्या आदल्या दिवशी स्वच्छ, नवे आणि स्वतःचेच पाते वापरून, केसांच्या वाढीच्या दिशेने, हलक्या हाताने केस काढावेत. त्वचेवर लांब केस तसेच राहिले, तर ते प्रकाशाने जळतात आणि खालची त्वचा भाजते. मातांना आमची विनंती आहे की मुलीला रेझर आपण स्वतः आणून द्यावा. चोरून, कोणाच्या तरी वापरलेल्या पात्याने, आरशाविना केलेल्या दाढीने जखमा होतात, संसर्गही होतो.

चौथी गोष्ट त्वचेवर लावल्या जाणाऱ्या द्रव्यांची. केसांमुळे खजील झालेली मुलगी बहुधा गोरेपणाच्या क्रीमकडेही वळलेली असते. औषधांच्या दुकानातून चिठ्ठीविना आणलेल्या अनेक मलमांत तीव्र स्टेरॉइड असते. महिनोन्‌महिने ते लावल्याने चेहऱ्याची त्वचा पातळ व लाल होते, रक्तवाहिन्या दिसू लागतात आणि विशेष म्हणजे चेहऱ्यावरची लव वाढते. ज्या केसांना कंटाळून मुलगी आमच्याकडे येते, त्यांतील काही तिच्या ट्यूबनेच आणलेले असतात. अशी अनेक मलमे २०१८ मध्ये केंद्र शासनाने डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकता येणार नाहीत अशा औषधांच्या यादीत आणली. आपण वापरत असलेली ट्यूब लपवू नये, ती सोबत आणावी. त्वचा पूर्ववत होईपर्यंत आम्ही लेसर करत नाही, आणि ती ट्यूब एकाएकी बंद न करता कशी कमी करायची, तेही सांगतो. लिंबाचा रस चेहऱ्याला लावून उन्हात जाणे टाळावे. त्या दोहोंच्या संयोगाने त्वचा भाजून काळी पडते. हळद, उटणे, मेंदी, अत्तर, मेकअप यांपैकी काहीही उपचाराच्या दिवशी त्वचेवर नसावे. त्वचा नुसत्या पाण्याने व सौम्य साबणाने धुतलेली, कोरडी असावी.

पाचवी गोष्ट औषधांची. मुरुमांसाठी घेतलेली डॉक्सिसायक्लिन किंवा आयसोट्रेटिनॉइन यांसारखी औषधे, चेहऱ्यावर लावायची रेटिनॉइडे, ओठांवर वारंवार उठणाऱ्या नागिणीसारख्या फोडांचा त्रास, जखमेवर जाड वण वाढण्याची प्रवृत्ती, गरोदरपण, त्या भागावरील तीळ अथवा गोंदण यांपैकी जे काही असेल ते आधीच सांगावे. गरोदरपणात आम्ही उपचार पुढे ढकलतो. गोंदणावर लेसर मारत नाही. वेदना कमी करण्याचे बधिरीकरणाचे मलम मात्र स्वतःहून मुळीच लावू नये. अमेरिकेत पायांवर असे मलम मोठ्या प्रमाणात लावून ते प्लास्टिकने गुंडाळून लेसरसाठी निघालेल्या दोन तरुणी दगावल्या, आणि २००७ मध्ये तेथील अन्न व औषध प्रशासनाने त्याविषयी जाहीर इशारा दिला. लहान भागावर, आमच्या देखरेखीखाली लावलेले मलम वेगळे.

हे सर्व झाल्यावर आम्ही प्रथम कानाखाली किंवा गळ्याच्या कडेला, लहानशा जागी चाचणी घेतो आणि किमान दोन दिवस थांबतो. त्या भागात काही अनिष्ट दिसले नाही, तरच पुढे जातो. प्रत्यक्ष उपचाराच्या वेळी डोळ्यांवर संरक्षक चष्मा असतो, तो मध्येच काढू नये. नंतर काही तास केसांच्या मुळांभोवती लालसरपणा व बारीक सूज राहते; थंड कापड ठेवावे, त्या दिवशी गरम पाण्याने स्नान करू नये. एक ते तीन आठवड्यांत जळालेले केस आपोआप गळतात, ते ओढू नयेत. फोड आल्यास तो फोडू नये, त्यावर टूथपेस्ट किंवा हळद लावू नये, रुग्णालयात यावे.

वेळेचा हिशेबही सांगितला पाहिजे. एका वेळी सर्व केस वाढीच्या अवस्थेत नसतात, आणि लेसरचा परिणाम वाढत्या केसांवरच होतो. म्हणून चेहऱ्यासाठी चार ते सहा आठवड्यांच्या अंतराने सहा-आठ सत्रे लागतात. वैशाखातल्या लग्नासाठी चैत्रात येणाऱ्या कुटुंबाला आम्ही ‘होईल’ असे सांगू शकत नाही. लग्न उन्हाळ्यात असेल, तर तयारी आदल्या गणपतीच्या सुमारास सुरू झाली पाहिजे. तरीही केस कायमचे नाहीसे होतील, असे वचन कोणीही देऊ नये; ते दीर्घकाळ कमी होतात, बारीक होतात. पांढऱ्या केसांवर याचा उपयोग होत नाही, आणि कोवळी लव लेसरने क्वचित उलट वाढतेही. ‘एका सत्रात कायमची सुटका’ अशी जाहिरात जेथे दिसेल, तेथून परत फिरावे.

देणगीदारांना शेवटी एक निवेदन. लेसर यंत्रासाठी आपण दिलेले दान सर्वांना दिसते, कारण त्यावर पाटी लावता येते. सनस्क्रीनची बाटली, नवे रेझर, सुती ओढणी आणि संप्रेरकांच्या तपासण्या यांवर पाटी लागत नाही. परंतु या चार गोष्टी परवडत नाहीत म्हणून ज्या मुलीची तयारी अपुरी राहते, तिचे सत्र वाया जाते आणि यंत्राचा उपयोगही तिला होत नाही. आपल्या दानातील काही भाग या पूर्वतयारीसाठी राखून ठेवावा, अशी आमची विश्वस्त मंडळास व आपणा सर्वांस नम्र विनंती आहे.

कुटुंबीयांना एवढेच सांगतो की हा मुलीचा दोष नाही, हा आजार आहे, आणि त्यावर उपचार आहेत. तिला घाई करू नका, तिला लपवू नका, आणि पहिल्या भेटीला तिच्यासोबत या.